पेडिपाल्पी, पहा लॅबेलाटा

“वाचणाऱ्यानं काय नुसत्या येरझाऱ्या घालायच्या व्हय?” गुरवमामा माझ्या कानाशी पुटपुटले.

मोठ्यानं कुरकुरायची सोय आमच्या ऑफिसात नव्हती. मिरजेला स्टेशन रोडवर एका होमिओपॅथी दवाखान्याच्या माडीवर आमचं प्राणिविज्ञान परिभाषा कोशाचं कार्यालय होतं, आणि माझ्या टाइपरायटरखेरीज तिथं कशाचाही आवाज झालेला खपत नसे. गुरवमामा छापखान्यातले कंपोझिटर. चाळीस वर्षं खिळे जुळवून मान कायमची उजवीकडे कललेली, त्यामुळे ते हवापाण्याबद्दल बोलले तरी काहीतरी गुपित सांगताहेत असं वाटायचं. त्या दिवशी खरोखरच गुपित होतं.

त्यांनी दोन प्रुफं माझ्यापुढं ठेवली आणि शाईनं काळं झालेलं बोट आधी एका ओळीवर टेकवलं, मग दुसऱ्या. पहिली ओळ होती, ‘पेडिपाल्पी – पहा : लॅबेलाटा’. दुसरी होती, ‘लॅबेलाटा – पहा : पेडिपाल्पी’.

“आठ महिन्यांमागं प जुळवला तेव्हा म्हटलं, असंल पुढं,” मामा म्हणाले. “आज ल ला आलो तर मला परत मागं धाडतायत. माहिती आहे कुठं?”

माहिती कुठंच नव्हती. दोन्ही कार्डं मीच टाइप केली होती आणि माझ्याही ध्यानात आलं नव्हतं. कोशात एका गोष्टीला दोन नावं असली की सगळी माहिती एका नावाखाली देतात, आणि दुसऱ्या नावापुढं नुसतं ‘पहा’ लिहून वाचकाला तिकडं पाठवतात. ‘पहा’ लिहिणारा गृहीत धरतो की पलीकडचा माणूस सविस्तर लिहील. इथं दोघांनीही तसंच गृहीत धरलेलं दिसत होतं.

मी मूळ कार्डं काढून सह्या पाहिल्या. प च्या कार्डावर ‘चिं. ह.’, ल च्या कार्डावर ‘ली. चौ.’. मामांनी माझ्या चेहऱ्याकडं पाहिलं, प्रुफं तिथंच ठेवली आणि चहाला न थांबता जिना उतरून गेले. इतका शहाणा माणूस मी आयुष्यात फार थोड्या वेळा पाहिला.

चिं. ह. म्हणजे चिंतामण हर्डीकर, आमचे मुख्य संपादक. ली. चौ. म्हणजे डॉ. लीला चौगुले. जयसिंगपूरच्या कॉलेजात शिकवायच्या, आणि बुधवारी व शुक्रवारी एस.टी.नं येऊन कोळी, विंचू, गोचीड असल्या आठ पायांच्या सगळ्या मंडळींच्या नोंदी पाहायच्या. सर आतल्या खोलीत बसत, बाई बाहेर खिडकीशी. दोघांच्या मध्ये अकरा पावलं आणि मी. मी मोजली होती, कारण ती पावलं दिवसातून वीस वेळा मलाच टाकावी लागत. बाईंनी कामाला होकार देतानाच एक अट घातली होती, जे काय बोलायचं ते कार्डावर. सरांनी ती मान्य केली होती. आठ वर्षं दोघं एका छपराखाली काम करत होती आणि मी त्यांना एकमेकांशी एक शब्द बोलताना ऐकलं नव्हतं.

मी तेव्हा सत्तावीस वर्षांची. शिक्षण मॅट्रिक, तेही रखडत. टायपिंगची परीक्षा मात्र पहिल्या झटक्यात पास झाले होते. कार्डं टाइप करता करता मला गांडुळापासून गेंड्यापर्यंत सगळं येऊ लागलं होतं, फक्त कोशाच्या क्रमानं. ज्या प्राण्याचं अक्षर अजून आलं नव्हतं त्याबद्दल मला काही म्हणजे काही ठाऊक नसे.

मी रीतीप्रमाणं दोन चिठ्ठ्या केल्या आणि दोघांच्या ट्रेमध्ये ठेवल्या. ‘सदर नोंद कुणी लिहावयाची?’ संध्याकाळपर्यंत दोन्ही परत आल्या. सरांनी लिहिलं होतं, ‘ही नोंद चौगुलेबाईंकडे.’ बाईंनी लिहिलं होतं, ‘ही नोंद मुख्य संपादकांकडे.’

चहा करणाऱ्या पाटोळेमावशींना मी हे सांगितलं तर त्या गाळणीतला चोथा झटकत हसल्या. मावशींचा नवरा पूर्वी त्याच कॉलेजात प्रयोगशाळेचा शिपाई होता, जिथं सर आणि बाई दोघंही तरुणपणी नोकरीला लागले होते. त्यामुळे इतिहास हा विषय मावशींकडं होता. त्यांनी तो मला तुकड्यातुकड्यांत शंभरदा ऐकवला होता. दोघं पोरं घेऊन पन्हाळ्याच्या मागच्या अंगाला गुहांमध्ये किडे गोळा करायला जायची. कंदील सरांच्या हातात, बाटल्या बाईंच्या. तो ब्राह्मणाचा एकुलता एक, ती जैनाची. सगळ्या कॉलेजला दिसत होतं. मग सरांच्या आईनं म्हणे अन्न सोडलं. तीन दिवस पाण्याचा थेंब नाही म्हणे. आणि सर नागपूरला नोकरी धरून निघून गेले ते पंधरा वर्षांनी परत आले. लग्न त्यांनीही केलं नाही, बाईंनीही नाही.

“म्हातारीनं दोन जन्म नासवले,” मावशी म्हणायच्या. म्हातारी जाऊन तेव्हा सहा वर्षं झाली होती, पण मावशी तिला सोडायला तयार नव्हत्या. खरं तर कुणीच नव्हतं. मिरजेत हा विषय निघाला की लोक एक सुस्कारा टाकायचे आणि म्हातारीच्या नावानं बोटं मोडायचे. मीही मोडली आहेत.

एरवी ही फेऱ्याफेऱ्याची नोंद मी संपादक मंडळाकडं पाठवून मोकळी झाले असते. पण दिवस थोडे होते. तो खंड महिनाअखेर छापायला जायचा होता आणि तो बाईंचा शेवटचा खंड होता. दोन्ही डोळ्यांत मोतीबिंदू उतरला होता. कॉलेजातून त्यांनी मुदतीआधीच निवृत्ती घेतली होती आणि धारवाडला भाच्याकडं कायमचं जायचं ठरवलं होतं. सामान बांधून झालं होतं. महिन्याचा शेवटचा शुक्रवार हा त्यांचा ऑफिसातला शेवटचा दिवस. त्यानंतर त्या अकरा पावलांच्या दुसऱ्या टोकाला कुणी असणार नव्हतं. मला आतून सारखं वाटत होतं की सर काहीतरी बोलतील. बुधवार-शुक्रवार जयसिंगपूरच्या गाडीच्या वेळेला ते आपल्या खोलीचं दार वीतभर उघडं ठेवत, उकाड्याचं निमित्त करून. जानेवारीतसुद्धा. पण चिठ्ठीवर ते लिहीत ‘ही नोंद चौगुलेबाईंकडे’, आणि तारखा चालल्या होत्या.

त्या आठवड्यात डबा खाताना मी बाईंना विचारलं, पेडिपाल्पी म्हणजे नक्की कोण हो? विचारताना मी मुद्दाम वेंधळा चेहरा केला होता. तो मला चांगला जमतो.

बाईंनी डब्याच्या झाकणावर बोटानं आकार काढला. चपटं अंग, काटेरी पकडीसारखे दोन हात. गुहेत राहतो, झाडाच्या सालीखाली राहतो. आठ पाय, पण चालतो सहाच पायांवर.

“मग उरलेले दोन?”

“ते चाबकासारखे लांब असतात. जमिनीवर टेकवतच नाही. अंधारात पुढं काय आहे ते चाचपायला ठेवतो,” त्या म्हणाल्या. “दोन एकमेकांसमोर आले की कितीतरी वेळ नुसते त्या पायांनी एकमेकांना चाचपत उभे असतात. आम्ही एकदा पाऊण तास बघत बसलो होतो. शेवटी कंदिलातलं तेल संपलं.”

आम्ही म्हणजे कोण हे मी विचारलं नाही. त्यांनीही पोळीचा तुकडा मोडून दुसरंच काही काढलं.

मग मला खूळ लागलं. कुणीच लिहीत नाही, तर पाहू तरी काय आहे त्यात. ऑफिसातली दोन जाडजूड इंग्रजी पुस्तकं मी रोज संध्याकाळी घरी नेऊ लागले. शेजारी शब्दकोश ठेवायचा आणि एकेक ओळ सोलायची. घरी माझ्या लग्नाची बोलणी तिसऱ्यांदा मोडली होती, तेव्हा मी विंचवाची चित्रं पाहत बसले तर आईला नवल वाटलं नाही. ती म्हणाली, जोडीला एवढंच राहिलं होतं.

हळूहळू उलगडा झाला. भांडण त्या गुहेतल्या प्राण्यावरून होतं, त्याला बसवायचं कुणाशेजारी. शेपटीचा एक चाबूक-विंचू असतो. त्याचेही हात पकडीसारखे, तोही सहा पायांवर चालतो. म्हणून जुन्या लोकांनी या दोघांना एकत्र घातलं आणि त्या गटाला नाव दिलं पेडिपाल्पी. पुढं काहीजण म्हणाले, हातपाय काय बघता, कंबर बघा. याची कंबर कोळ्यासारखी बारीक आहे, म्हणजे हा कोळ्याचा सख्खा. त्यांनी याला आणि कोळ्याला एकत्र करून नाव दिलं लॅबेलाटा. म्हणजे ही दोन नावं एकाच गोष्टीची नव्हतीच. एक मानलं तर दुसरं मोडतं. पेडिपाल्पी मानणारा लॅबेलाटा मानत नाही, लॅबेलाटा मानणारा पेडिपाल्पीला जुनी अडगळ म्हणतो. मग एकापुढं दुसऱ्याचं ‘पहा’ लिहिलंच कसं? इतकी ढोबळ चूक मलासुद्धा कळत होती. सर आणि बाई तर त्यातले दर्दी.

उत्तर मला कॉलेजच्या वार्षिकांकात सापडलं. एकोणीसशे बासष्टचा अंक. मावशींच्या नवऱ्यानं घरी माळ्यावर ठेवलेला, कडा उंदरांनी खाल्लेल्या. त्यात ‘आमच्या गुहेतील पाहुणा’ नावाचा लेख होता, दोन भागांत. पहिला भाग चिं. वा. हर्डीकर यांचा. त्यात त्यांनी ठासून लिहिलं होतं की पेडिपाल्पी हाच गट खरा, आणि ‘कंबर पाहून नाती ठरवणाऱ्यांनी’ जरा दमानं घ्यावं. दुसरा भाग कु. लीला चौगुले यांचा. त्यात लॅबेलाटाची बाजू, आणि सरांना एक सणसणीत टोला, की ज्यांना जुनं नाव सोडवत नाही त्यांनी निदान नव्याकडं बघायला घाबरू नये. शेवटी दोघांनी मिळून एक ओळ लिहिली होती. ‘हा वाद पुढील अंकी.’ पुढील अंक मी शोधला. त्यात हा विषय नव्हता. तोपर्यंत सर नागपुरात होते.

मी माळ्याच्या शिडीवर बसून पुन्हा दोन्ही कार्डं डोळ्यांपुढं आणली. ज्यांनी पेडिपाल्पीसाठी भांडण केलं त्या सरांनी लिहिलं होतं, पहा लॅबेलाटा. ज्यांनी लॅबेलाटासाठी टोले हाणले त्या बाईंनी लिहिलं होतं, पहा पेडिपाल्पी. खालून मावशी ओरडत होत्या, सापडलं का गं, का झोपलीस वर? मला खाली उतरायला जरा वेळ लागला.

त्या रविवारी मी नोंद लिहिली. बावीस ओळी. कुणाच्या बाजूनं लिहिली नाही. हात असे आहेत, कंबर अशी आहे, पन्हाळ्याच्या गुहांत सापडतो, काही तज्ज्ञ याला चाबूक-विंचवाशेजारी ठेवतात, काही कोळ्याशेजारी, दोन्ही बाजूंना पुरावे आहेत आणि प्रश्न अजून सुटलेला नाही. ‘सुटलेला नाही’ टाइप करताना माझी बोटं दोनदा घसरली. खाली सही केली नाही. करणार तरी काय, प्र. आ.? प्रमिला आवटी, मॅट्रिक?

आमच्याकडं सगळी कार्डं टाइप होऊन जात, त्यामुळे अक्षरावरून लिहिणारा ओळखायची सोय नव्हती. शेवटच्या शुक्रवारी सकाळी मी मूळ प्रत सरांच्या ट्रेमध्ये आणि कार्बनची प्रत बाईंच्या ट्रेमध्ये ठेवली आणि टाइपरायटरला नवी फीत लावत बसले. ती लावायला मला त्या दिवशी दोन तास लागले.

बाईंनी कार्ड डोळ्यांजवळ नेऊन वाचलं. भिंग घेऊन पुन्हा वाचलं. मग पेन्सिल घेऊन एका जागी काहीतरी खोडलं आणि कार्ड पालथं घालून खिडकीबाहेर पाहत राहिल्या. आत सरांची खुर्ची करकरली. मला वाटलं चिठ्ठी येईल. चिठ्ठीऐवजी दार पूर्ण उघडलं आणि सर स्वतः बाहेर आले. त्यांनी ती अकरा पावलं टाकली. मावशी कपबशा घेऊन येत होत्या, त्या जिन्याशीच थबकल्या.

“चांगलं लिहिलंय,” सर बाईंच्या टेबलाशी उभं राहून म्हणाले. “इतकं समतोल मला जमलं नसतं.”

बाईंनी मान वर केली. “मी तुम्हाला हेच लिहून पाठवणार होते.”

“मला?”

“तुम्ही लिहिलंय ना हे?”

सरांनी हातातल्या कार्डाकडं पाहिलं, मग बाईंनी उलटून दाखवलेल्या कार्डाकडं. दोघांनीही एकच शब्द खोडला होता. मी लिहून बसले होते की हा प्राणी विषारी असतो. कोळ्याचा आणि विंचवाचा नातेवाईक म्हटल्यावर दुसरं काय असणार, असं मी धरून चालले होते. दोघांनी तो शब्द खोडून वर सारखंच लिहिलं होतं, ‘विषग्रंथी नसतात’. ही चूक दोघांपैकी कुणाचीच असणं शक्य नव्हतं. मग दोघांनी मिळून माझ्याकडं पाहिलं.

मी उठून उभी राहिले. नोकरी गेली असं समजूनच चालले होते. मी लिहिलं म्हणाले. परवानगी न घेता लिहिलं, पुस्तकं न विचारता घरी नेली, चूक झाली. सरांनी विचारलं, गुहेची माहिती कुठून घेतली, ती या पुस्तकांत नाही. मी म्हटलं, बासष्टच्या वार्षिकांकातून.

खाली डॉक्टर कुणाला तरी गोळ्या जिभेखाली ठेवायला सांगत होते ते वरती ऐकू आलं.

“कुणाचा भाग वाचलास?” बाईंनी विचारलं.

“दोन्ही.”

“मग?”

मला वेंधळा चेहरा करता आला नाही. “बाई, सर तुमचं नाव लिहितात, तुम्ही सरांचं. मग नोंद लिहायची कुणी?”

यावर सर रागावतील असं वाटलं होतं. ते बाईंकडं पाहत होते. बाई भिंगाची मूठ फिरवत होत्या. त्या सरांना म्हणाल्या, बसा, उभ्यानं कशाला बोलताय. आठ वर्षांत त्या टेबलासमोर दुसरी खुर्ची लागली नव्हती. मी माझी सरकवली. सर बसले नाहीत, खुर्चीच्या पाठीवर हात ठेवून उभे राहिले.

“तुम्ही माझं नाव का लिहिलंत?” बाईंनी विचारलं.

“तुमचं बरोबर असावं, असं वाटायला लागलं होतं. पुष्कळ वर्षांपासून.”

“मला तुमचं.” बाई किंचित हसल्या. “आता यातलं कुठलं खरं ते बघायला माझे डोळे राहिले नाहीत. राहू दे. मला तेव्हासुद्धा तुमचा राग नव्हता. घरातलं माणूस अन्न सोडून बसल्यावर कुणी काय करावं? मी तुमच्या आईंनाही कधी दोष दिला नाही. मला वाटायचं, त्यांची आपली एक समजूत, माझी आपली एक. निदान तुम्ही त्यांना विचारलंत तरी. तेवढ्यावर माझं निभावलं.”

सरांनी खुर्ची घट्ट धरली. मावशींनी हातातल्या कपबशा पायरीवर ठेवल्या.

“आई जायच्या आधी महिनाभर मी तिच्याजवळ होतो,” सर म्हणाले. “एका दुपारी तिनं मला विचारलं, तुझ्याबरोबर गुहांमध्ये यायची ती मुलगी, गोरीशी, चष्मा लावणारी, तिचं पुढं काय झालं रे? चांगली होती. मला वाटायचं तू तिच्याबद्दल काहीतरी बोलशील. मी वाट बघत होते.”

बाईंच्या हातातलं भिंग थांबलं.

“लोक आपलं काहीतरी म्हणत गेले आणि मी त्यांना म्हणू दिलं,” सर म्हणाले. “मला ते सोयीचं होतं. आईनं अन्न सोडलं नव्हतं, लीला. मी तिला विचारलंच नव्हतं.”